खतामागचा व्यवहार

ऋणमुक्तीचा कायदा झाला म्हणजे ऋणको मुक्त झाला, अशी समजूत पुष्कळ ठिकाणीं आढळते. ती कितपत खरी आहे हें पाहावयाचें असल्यास दख्खनच्या दंग्यांतून निघालेल्या कायद्याचा इतिहास चाळावा.

१२ मे १८७५ रोजीं पुणें जिल्ह्यांतील सुपें येथें बाजाराच्या दिवशीं कुणब्यांनीं सावकारांच्या दुकानांवर हल्ला केला. हें लोण लवकरच पुणें व अहमदनगर जिल्ह्यांतील अनेक गांवांत पोंचलें. लोकांचा रोख मात्र माणसांपेक्षां कागदांवर अधिक होता. खतें व हुकूमनामे मागून घ्यावे आणि जाळावे, हाच बहुतेक ठिकाणचा क्रम.

हा रोष अकारण नव्हता. अमेरिकेंतील यादवीच्या काळांत (१८६१-६५) कापसाचे भाव चढले व कर्ज सहज मिळूं लागलें. युद्ध संपतांच भाव कोसळले, आणि सारा मात्र वाढला. त्यांत १८५९ च्या मुदतीच्या कायद्यानें भर घातली. साध्या खताची मुदत तीन वर्षें ठरली, ती वस्तुतः ऋणकोच्या रक्षणासाठीं. पण सावकार मुदत संपण्यापूर्वीं व्याज मुद्दलांत मिळवून नवें खत लिहवून घेई. निरक्षर कुळानें नांगराची निशाणी केली कीं तेंच मुद्दल ठरे, आणि न्यायाधीश खताबाहेर पाहत नसे.

चौकशी होऊन १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा पुणें, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांस लागू झाला. पैशाच्या हुकूमनाम्यापायीं शेतकऱ्यास कैद बंद झाली. स्पष्टपणें गहाण न दिलेली जमीन कर्जासाठीं विकतां येईना. परंतु त्याचें खरें मर्म निराळें होतें. खत बाजूस ठेवून व्यवहार आरंभापासून तपासावा, असें न्यायाधीशाचें कर्तव्यच ठरलें. न्यायमूर्ति रानडे यांनीं या कायद्याखालीं स्पेशल जज्ज म्हणून काम केलें.

तथापि वाट बंद झाली तरी गरज बंद होत नाहीं. गहाणावर कर्ज देण्यांत धोका दिसतांच सावकार गहाणाऐवजीं खरेदीखत मागूं लागला. जमीन परत देण्याचा करार तोंडी राही. हा कावा ओळखून खरेदीमागचें गहाण सिद्ध करण्याची मुभा देण्यास १९०७ साल उजाडावें लागलें. मध्यंतरीं वेडरबर्न यांनीं शेतकी पेढीची योजना मांडली होती. हिंदुस्थान सरकारनें ती उचलून धरली, पण विलायतेंतील स्टेट सेक्रेटरीनें नाकारली. म्हणजे सावकारास लगाम घातला, पण दुसरा धनको उभा केला नाहीं. सहकारी पतपेढ्यांचा कायदा झाला तो १९०४ मध्यें.

आज पुष्कळ ठिकाणीं सावकाराच्या जागीं बँक आहे. २००२ च्या कायद्यानें, थकलेल्या कर्जाबद्दल साठ दिवसांची नोटीस देऊन, तारण घर वा कारखाना न्यायालयाच्या निकालावांचून ताब्यांत घेण्याचा अधिकार तिला मिळाला. शेतजमीन त्यांतून वगळली आहे. ऋणकोनें दाद मागावयाची ती नंतर, ऋणवसुली न्यायाधिकरणापुढें. तेथें जाण्यापूर्वीं मागणीच्या ७५ टक्के रक्कम भरण्याची अट होती. ती सर्वोच्च न्यायालयानें २००४ मध्यें रद्द केली, कायदा मात्र कायम ठेवला. बँकेचा पैसा ठेवीदारांचा असतो, तो बुडूं देणें हा न्याय नव्हे, हें मान्यच आहे. परंतु १८७९ चा कायदा आधीं चौकशी व मग जप्ती म्हणत होता. येथें क्रम उलटला आहे.

सरकारी कर्जमाफीचीही तीच गोष्ट. २००८ ची माफी बँका व सहकारी संस्थांच्या कर्जापुरती होती. सावकाराच्या वहींतील आंकडा तिनें पुसला नाहीं. ज्या कोरडवाहू शेतकऱ्यास बँकेनें उभेंच केलें नाहीं, त्यास माफी कसली?

माफीनें एक खातें कोरें होतें. पुढच्या पेरणीचा पैसा कोठून यावा, हा प्रश्न उरतोच. म्हणून ऋणकोस दोन गोष्टी हव्यात: रास्त व्याजाचा धनको, आणि मालमत्ता जाण्यापूर्वीं खतामागचा व्यवहार पाहणारा न्यायाधीश. दुसरी आपल्याकडे १८७९ मध्येंच सुचली होती; ती विसरण्याचें कारण नाहीं.