राजप्रमुखाची कुळकथा

२६ जानेवारी १९५० रोजी देश प्रजासत्ताक झाला, त्यात हिंगोलीही आली. पण पैनगंगेच्या अलीकडचे प्रजासत्ताक आणि पलीकडचे प्रजासत्ताक यांत एक फरक होता. नदी ओलांडून वाशीमला किंवा पुसदला गेले की राज्याच्या शिरावर राज्यपाल होते. अलीकडे हिंगोली, कळमनुरी, वसमत या परभणी जिल्ह्यातल्या तालुक्यांत मात्र राज्याच्या शिरावर निजाम होता. दुसरातिसरा कोणी नव्हे, मीर उस्मान अली खान, सातवा आसफजाह. ज्याच्या अमलातून सुटण्यासाठी जेमतेम सोळा महिन्यांपूर्वीपर्यंत याच भागातली माणसे जिवावर उदार झाली होती, त्याच्याच नावाने आता लोकराज्याचा कारभार सुरू झाला. त्याच्या नव्या पदाचे नाव होते राजप्रमुख.

हे पद आज कुणाच्या लक्षातही नाही. स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकात एखादी ओळ सापडते, तेवढीच. पण मराठवाड्यात राजेशाही कशी संपली हे समजून घ्यायचे, तर या अल्पायुषी पदाचे कूळ आणि मूळ पाहावे लागते.

पद जन्माला आले काठियावाडात. १९४८ च्या सुरुवातीला तिथली दोनशेहून अधिक लहानमोठी संस्थाने एकत्र करून सौराष्ट्र संघ बनवला गेला. इतक्या राजांचे करायचे काय? सरदार पटेल आणि त्यांचे सचिव व्ही. पी. मेनन यांनी तोड काढली: राजांनी आपल्यातलाच एक प्रमुख निवडावा, बाकीच्यांनी तनखा घेऊन घरी बसावे. नवानगरचे जामसाहेब पहिले राजप्रमुख झाले. पुढे मध्य भारत, राजस्थान, पतियाळा संघ असे करत ही युक्ती राज्यघटनेत शिरली. 'ब' वर्गाची राज्ये म्हणजे राजप्रमुखांची राज्ये, असे ठरले. घटनेच्या ३६६ व्या अनुच्छेदातल्या व्याख्येत हैदराबादचा उल्लेख वेगळा होता: राष्ट्रपती ज्याला हैदराबादचा निजाम म्हणून मान्यता देतील, तोच तिथला राजप्रमुख. प्रजासत्ताकाच्या घटनेतच निजामाच्या पदवीला जागा मिळाली. शिवाय मूळ ३७१ व्या अनुच्छेदाने या राज्यांची सरकारे दहा वर्षे राष्ट्रपतींच्या देखरेखीखाली ठेवली होती. म्हणजे पदवी निजामाची आणि दोरी दिल्लीच्या हातात.

हा प्रकार निजामाला नवा होता, असे मात्र नाही. पदवी आपली आणि सत्ता दुसऱ्याची, या संसाराची त्या घराण्याला दीडशे वर्षांची सवय होती, आणि त्या सवयीत हिंगोलीचा वाटा मोठा आहे. १७९८ च्या तहाने ईस्ट इंडिया कंपनीची तैनाती फौज हैदराबादेत कायमची बसली. त्याखेरीज निजामाच्या नावाची पण इंग्रज अधिकाऱ्यांच्या हुकमतीतली आणखी एक फौज उभी राहिली. तीच हैदराबाद कंटिंजंट. बोलारम, औरंगाबाद, मोमिनाबाद (म्हणजे आपले अंबाजोगाई), एलिचपूर अशा तिच्या छावण्या होत्या आणि त्यांतली एक कयाधूकाठी हिंगोलीला होती. फौज निजामाची म्हणायची, हुकूम रेसिडेंटचा चालायचा आणि पगार निजामाच्या खजिन्यातून जायचा. तो थकू लागला. थकबाकी कर्ज झाली, कर्जावर व्याज चढले आणि १८५३ मध्ये डलहौसीने त्या वसुलीपोटी वऱ्हाड, धाराशिव आणि रायचूर दोआब लिहून घेतले. पुढे १८६० मध्ये धाराशिव आणि रायचूर परत मिळाले, वऱ्हाड राहिले ते राहिलेच. १९०२ मध्ये त्याचा वर्षाला २५ लाख रुपयांवर कायमचा पट्टा झाला. कागदावर वऱ्हाड निजामाचेच होते. १९३६ मध्ये तर इंग्रजांनी त्याला 'हैदराबाद आणि वऱ्हाडचा निजाम' म्हणायला मान्यता दिली आणि युवराजाला 'प्रिन्स ऑफ बेरार' केले. पदवी वाढली, जमीन इंचभरही परत आली नाही.

म्हणजे हिंगोलीच्या छावणीतल्या शिपायांचे पगार थकले आणि पैनगंगा सरहद्द झाली. ही सरहद्दच पुढे कामाला आली. १९४८ मध्ये निजामाविरुद्ध लढणाऱ्या हैदराबाद स्टेट काँग्रेसचे सशस्त्र कॅम्प नदीपलीकडे, वऱ्हाडात उमरखेडसारख्या ठिकाणी बसले. तिकडे निजामाच्या पोलिसांचे काही चालत नसे. रात्री अलीकडे यायचे, करोडगिरीचा नाका जाळायचा आणि उजाडायच्या आत परतायचे. करोडगिरी म्हणजे निजामाची जकात. संस्थानात येणाऱ्या-जाणाऱ्या मालावर ती बसे आणि रोजच्या जगण्यात निजामी राज्य माणसाला जाचे ते बरेचसे त्या नाक्यावर. शिंदीची झाडे तोडण्याच्या सत्याग्रहालाही तोच हिशेब होता. झाड पडले की अबकारीचे उत्पन्न पडले. राज्याच्या खजिन्यावर घाव घालायचा, हे या लढ्यातल्या लोकांना नीट उमगले होते. या लढ्यात वसमत तालुक्यातल्या वापटीच्या बहिर्जी शिंदे यांना हौतात्म्य आले. वसमतचे बहिर्जी स्मारक महाविद्यालय त्यांच्याच नावाचे.

इथे थोडे इंग्लंडला जाऊन यावे लागेल, कारण लढाई जिंकल्यावर हरलेल्या राजाचे काय करायचे, हा प्रश्न इंग्रजांना आपल्या तीनशे वर्षे आधी पडला होता. राजा आणि पार्लमेंट यांच्यातले यादवी युद्ध १६४२ मध्ये पेटले. पार्लमेंटची फौज जिंकली आणि ३० जानेवारी १६४९ रोजी लंडनला व्हाइटहॉलच्या मेजवानी-महालासमोर पहिल्या चार्ल्सचे मुंडके उडवले गेले. मृत्युदंडाच्या हुकमावर ५९ सह्या होत्या. मार्चमध्ये राजेपद कायद्याने रद्द झाले, पाठोपाठ उमरावांचे सभागृह गेले, राजमुकुट वितळवला गेला आणि मे महिन्यात इंग्लंडने स्वतःला राजाविना चालणारे लोकराज्य जाहीर केले. आपल्याकडे तेव्हा शिवाजी महाराज अजून विशीतही नव्हते.

चार वर्षे गेली नाहीत तोच पार्लमेंटच्याच फौजेचा सेनापती ऑलिव्हर क्रॉमवेलने शिपाई घेऊन पार्लमेंट मोकळे केले. १६५३ च्या डिसेंबरात तो लॉर्ड प्रोटेक्टर झाला, तेही फौजेच्या अधिकाऱ्यांनी लिहिलेल्या घटनेनुसार. पुढची गोष्ट मला त्या सगळ्या इतिहासात सर्वांत बोलकी वाटते. १६५७ मध्ये पार्लमेंटनेच क्रॉमवेलला राजा व्हायची विनंती केली. विनंती करणाऱ्यांत वकील मंडळी पुढे होती आणि त्यांचा युक्तिवाद खुशामतीचा नव्हता. राजाला काय करता येते आणि काय येत नाही, हे इंग्लंडच्या कायद्याला शतकानुशतके ठाऊक आहे. प्रोटेक्टर हा प्राणी कायद्याच्या ओळखीचा नाही, त्याला बांधायचे कशाने? क्रॉमवेल कित्येक आठवडे घोळत राहिला. राजा मारणारी फौज त्याला मुकुट घालू देईना, म्हणून शेवटी त्याने नकार दिला. पण त्याच जूनमध्ये पुन्हा शपथविधी झाला तेव्हा अंगावर जांभळा झगा, हाती राजदंड आणि बसायला राज्याभिषेकाची खुर्ची होती. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही, तो असा. क्रॉमवेल १६५८ मध्ये वारला, मुलाला वर्षभरही निभावले नाही, आणि १६६० मध्ये मारलेल्या राजाचा मुलगा गादीवर आला. कायदेपंडितांनी त्याच्या कारकिर्दीची वर्षे १६४९ पासूनच मोजली. मधली अकरा वर्षे जणू झालीच नाहीत. हाच दुसरा चार्ल्स. मुंबई बेट आंदण मिळाले ते त्याला.

आता परत हैदराबादला. १३ सप्टेंबर १९४८ रोजी भारतीय फौजा आत शिरल्या आणि १७ तारखेला निजामाने शरणागती रेडिओवरून सांगितली. मराठवाड्यातली जुनी माणसे काळ मोजतात तो 'रजाकारीत' आणि 'पुलिस ॲक्शननंतर' असा, त्यातला हा सांधा. रजाकारांचा म्होरक्या कासीम रझवी तुरुंगात गेला. निजामाचे काय करायचे? स्टेट काँग्रेसच्या कार्यकर्त्यांना तो गादीवर नकोच होता. त्यांचे नेते स्वामी रामानंद तीर्थ आणि सहकाऱ्यांनी केवळ निजामाविरुद्ध नव्हे, तर सरंजामशाहीविरुद्ध लढा दिला होता. त्यांची चीड समजण्यासारखीच आहे.

दिल्लीने मात्र १६५७ च्या त्या वकिलांचाच मार्ग धरला, त्यांचे नावही न घेता. हैदराबादेत कायद्याला एकच गोष्ट ओळखीची होती: निजामाचे फर्मान. म्हणून मेजर जनरल जयंतनाथ चौधरींच्या लष्करी राजवटीला अधिकार मिळाले ते निजामाच्या फर्मानाने. संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेतली हैदराबादची तक्रार मागे घेणारी तार गेली ती निजामाच्या नावाने. १९४९ मध्ये त्याची खासगी इस्टेट, म्हणजे सर्फे-खास, सरकारजमा झाली आणि त्याच वर्षी जहागिऱ्या गेल्या. निजामाचे पंख निजामाच्याच सहीने कापले गेले. फेब्रुवारी १९४९ मध्ये सरदार पटेल बेगमपेटच्या विमानतळावर उतरले तेव्हाचे छायाचित्र प्रसिद्ध आहे: निजाम हात जोडून उभा. एरवी तो कुणाच्या स्वागताला जाणारा माणूस नव्हे.

यामागे दुसरेही एक कारण होते आणि ते सांगायला आपण मराठवाड्यातली माणसे कचरतो. पोलीस ॲक्शननंतर मुसलमानांच्या कत्तली झाल्या. चौकशीला आलेल्या पंडित सुंदरलाल समितीने २७ ते ४० हजार मृत्यूंचा अंदाज दिला आणि सर्वाधिक झळ बसलेल्या चार जिल्ह्यांत आपल्या शेजारच्या नांदेडचे नाव घातले. अहवाल कित्येक दशके दडवून ठेवला गेला. अशा वेळी निजामाला हाकलणे किंवा त्याच्यावर खटला चालवणे म्हणजे आगीत तेल ओतणे झाले असते. राजा राखण्यात धूर्तपणा होता, तसा थोडा शहाणपणाही होता, असे माझे मत आहे.

सर्वांत मोठी विसंगती पुढेच आहे. संविधान सभेत हैदराबादच्या वाट्याला १६ जागा होत्या, त्या शेवटपर्यंत रिकाम्या राहिल्या. हिंगोली-परभणीचा एकही प्रतिनिधी संविधान घडवायला बसला नाही. मग या लोकांच्या वतीने संविधान स्वीकारले कोणी? नोव्हेंबर १९४९ मध्ये फर्मान काढून निजामाने. प्रजेला प्रजासत्ताक मिळाले ते राजाच्या हुकमाने!

राजप्रमुख झाल्यावर त्याला वर्षाला ५० लाखांचा तनखा ठरला. कारभार सनदी अधिकारी एम. के. वेल्लोडी यांनी मुख्यमंत्री म्हणून चालवला आणि १९५२ च्या निवडणुकीनंतर बुर्गुल रामकृष्ण राव यांच्या लोकनियुक्त मंत्रिमंडळाने. पण याच काळात एक कायदा झाला, जो आजही हिंगोलीच्या तहसिलीत जिवंत आहे: हैदराबाद कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, १९५०. संरक्षित कुळाला जमिनीचा मालक करण्याची वाट याच कायद्याने उघडली. कुळाची जमीन विकायची झाली की शेतकऱ्याला अजून कलम ५०-ब शी गाठ घालावी लागते आणि जुन्या हक्काचा वाद निघाला की १९५४-५५ चे खासरा पाहणी पत्रक शोधावे लागते. तेही राजप्रमुखाच्याच काळातले. अलीकडे आरक्षणाच्या निमित्ताने 'हैदराबाद गॅझेट' पोरासोरांच्या तोंडी झाले, पण ज्याच्या घरात कुळाची जमीन आहे त्याला हैदराबाद कधी सुटलेच नव्हते.

सातव्या घटनादुरुस्तीने 'ब' वर्गाची राज्ये मोडली आणि राजप्रमुखही गेले. ३१ ऑक्टोबर १९५६ हा त्या पदाचा शेवटचा दिवस. म्हैसूरचे महाराज दुसऱ्या दिवशी राज्यपाल झाले; उस्मान अली खान कोणीच झाले नाहीत. मराठवाड्याचे पाच जिल्हे द्वैभाषिक मुंबई राज्यात गेले. कोणाचे डोके उडाले नाही आणि परत गादीवर बसायला कोणाचा मुलगाही आला नाही.

इंग्लंडच्या चर्चने ३० जानेवारी हा मारलेल्या राजाच्या स्मरणाचा उपवासाचा दिवस म्हणून दोनशे वर्षे, थेट १८५९ पर्यंत पाळला. हिंगोलीत सरकारी झेंडा वर्षातून चार वेळा चढतो: २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट आणि १७ सप्टेंबर. पुण्यापेक्षा एक वेळ जास्त. १ मे तर इथे दुहेरी, कारण १९९९ मध्ये जिल्हा झाला तोही त्याच दिवशी. ३१ ऑक्टोबरला मात्र झेंडा चढत नाही. निजामशाही कायद्याने संपली ती त्या दिवशी, पण तेव्हाही कोणी मिरवणूक काढली नव्हती.