मारिओ बाव्हा : छायालेखकाच्या नजरेतून भयपट

इटालियन भयपटाला स्वतःचा चेहरा देणारा दिग्दर्शक म्हणून मारिओ बाव्हा यांचे नाव आज घेतले जाते. दिग्दर्शक म्हणून त्यांचा पहिला चित्रपट मात्र वयाच्या ४६व्या वर्षी आला. त्याआधीची वीस वर्षे त्यांनी कॅमेऱ्यामागे काढली होती.

बाव्हा यांचा जन्म ३१ जुलै १९१४ रोजी सानरेमो येथे झाला. वडील युजेनिओ हे मूळचे शिल्पकार. मूकपटांच्या काळात ते छायालेखन आणि चमत्कृतिदृश्यांकडे वळले. मारिओंना चित्रकार व्हायचे होते, पण चरितार्थासाठी त्यांनी वडिलांचाच व्यवसाय पत्करला. रॉबेर्तो रोसेलिनी यांच्या सुरुवातीच्या लघुपटांचे छायालेखन त्यांनी केले. स्टेनो आणि मोनिचेल्ली यांच्या 'ग्वार्दिए ए लाद्री' (१९५१) या गाजलेल्या विनोदी चित्रपटाचे छायालेखकही तेच होते.

त्यांच्या दिग्दर्शनाची सुरुवात दुसऱ्यांचे अर्धवट काम पुरे करण्यातून झाली. रिकार्दो फ्रेदा यांनी 'इ व्हाम्पिरी' (१९५७) मध्येच सोडला. तो बाव्हा यांनी अवघ्या काही दिवसांत पूर्ण केला. या चित्रपटात एका तरुणीचे कॅमेऱ्यासमोरच, कुठेही तुकडा न जोडता, वृद्धेत रूपांतर होते. चेहऱ्यावर रंगीत रंगभूषा करायची आणि प्रकाशाचा रंग पालटायचा, एवढीच ती युक्ती. कृष्णधवल फिल्मवर आधी न दिसणाऱ्या सुरकुत्या त्यामुळे हळूहळू उमटत जातात. १९५९ मधील 'काल्तिकी' आणि 'जायंट ऑफ मॅरेथॉन' हे चित्रपटही त्यांनीच तडीस नेले. पडद्यावर दिग्दर्शक म्हणून नाव मात्र इतरांचे झळकले.

या कामाची परतफेड म्हणून निर्मात्यांनी त्यांना स्वतंत्र चित्रपट दिला. गोगोलच्या 'विय' या कथेवर सैलपणे आधारलेला 'ला मास्केरा देल देमोनिओ' १९६० मध्ये प्रदर्शित झाला. छायालेखनाची धुराही बाव्हा यांनी स्वतःकडेच ठेवली होती. धुके, उद्ध्वस्त प्रार्थनामंदिर आणि बार्बरा स्टील यांची दुहेरी भूमिका यांमुळे हा चित्रपट परदेशांत गाजला. ब्रिटनमध्ये मात्र त्यावर १९६८ पर्यंत बंदी होती.

पुढे रंगाने त्यांच्या शैलीचा ताबा घेतला. 'ब्लड अँड ब्लॅक लेस' (१९६४) मध्ये मुखवटाधारी खुनी लाल, निळ्या, हिरव्या प्रकाशातून वावरतो. पिवळ्या मुखपृष्ठांच्या रहस्यकथांवरून 'जाल्लो' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या चित्रप्रकाराचा साचा येथे पक्का झाला. 'प्लॅनेट ऑफ द व्हॅम्पायर्स' (१९६५) मधील परका ग्रह त्यांनी जुन्या पौराणिक चित्रपटातील दोन कृत्रिम खडक, आरसे आणि धूर यांतून उभा केला. 'डेंजर : डायबोलिक' (१९६८) साठी दीनो द लॉरेंतीस यांनी भरघोस रक्कम देऊ केली, बाव्हा यांनी तिचा थोडाच भाग खर्च केला.

काटकसरीची ही कला त्यांना तारून नेई, पण चित्रपटांचे भवितव्य निर्मात्यांच्याच हाती राहिले. 'लिसा अँड द डेव्हिल' (१९७३) ला वितरक मिळेना. तेव्हा 'द एक्झॉर्सिस्ट'च्या यशावर स्वार होण्यासाठी त्यात भूतबाधेची नवी दृश्ये घुसडून १९७५ मध्ये तो 'द हाउस ऑफ एक्झॉर्सिझम' या नावाने विकण्यात आला. धावत्या मोटारीत घडणारा 'रॅबिड डॉग्ज' १९७४ मध्ये चित्रित झाला, पण निर्मात्याचे दिवाळे वाजल्याने अडकून पडला. तो प्रेक्षकांपुढे आला नव्वदच्या दशकात. बाव्हा एप्रिल १९८० मध्येच रोम येथे निवर्तले होते.

पुत्र लाम्बेर्तो यांच्या सहकार्याने केलेला 'शॉक' (१९७७) हा चित्रगृहांसाठीचा त्यांचा अखेरचा चित्रपट. त्यानंतर दारिओ आर्जेंतो यांच्या 'इन्फर्नो' (१९८०) साठी त्यांनी चमत्कृतिदृश्यांचे साहाय्य केले, तेही श्रेयनामावलीत नाव नसताना. 'अ बे ऑफ ब्लड' (१९७१) चा ठसा पुढे अमेरिकेच्या 'फ्रायडे द थर्टीन्थ' मालिकेवर उमटला. 'ब्लॅक सॅबथ' या ब्रिटिश वाद्यवृंदाने आपले नाव त्यांच्याच १९६३ च्या चित्रपटाच्या इंग्रजी शीर्षकावरून घेतले. मार्टिन स्कोर्सेसी यांच्यासारखे दिग्दर्शक त्यांचे चाहते आहेत. हयातीत केवळ कुशल कारागीर मानल्या गेलेल्या बाव्हा यांच्याकडे आज शैलीकार म्हणून पाहिले जाते. ही शैली त्यांनी कॅमेऱ्यामागच्या त्या वीस वर्षांतच घडवली होती.