अटकपूर्व जामीन (अत्याचार प्रतिबंधक कायद्याखालील)

अनुसूचित जाती व अनुसूचित जमाती (अत्याचार प्रतिबंध) अधिनियम, १९८९ या कायद्याखाली, म्हणजे बोलीभाषेत ‘ॲट्रॉसिटी’खाली, गुन्हा नोंदवला गेला तर आरोपीला अटकपूर्व जामीन मिळत नाही, असा मूळ नियम आहे. एरवी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४३८ नुसार, आणि १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ नुसार, सत्र न्यायालय किंवा उच्च न्यायालय हे संरक्षण देऊ शकते. जातीय अत्याचारांपुरती ती वाट अधिनियमाच्या कलम १८ ने बंद केली आहे.

या बंदीमागचे कारण सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये मध्य प्रदेशातील बलोठिया खटल्यात सांगितले. आरोपी मोकळा राहिला तर तो पीडितांना धमकावू शकतो, तपासात आडकाठी आणू शकतो; त्यामुळे ही बंदी समतेच्या किंवा जीवितस्वातंत्र्याच्या हक्काविरुद्ध जात नाही. गावात ज्याच्या शेतावर मजुरी करायची त्याच्याचविरुद्ध फिर्याद द्यायची असते, आणि फिर्यादीनंतरचे पहिले काही दिवसच साक्षीदार फुटण्याचे असतात. हे ध्यानात घेतले की कलम १८ कठोर वाटत नाही, आवश्यक वाटते.

तरीही एक फट पहिल्यापासून होती. फिर्याद जशीच्या तशी खरी धरूनही त्यातून ॲट्रॉसिटीचा गुन्हा दिसतच नसेल तर बंदी कशी लागू होणार? गुजरात उच्च न्यायालयाने १९९२ मध्येच कलम १८ यांत्रिकपणे लावू नये असे म्हटले होते. याच निकालाचा आधार पुढे महाराष्ट्रातल्या सर्वांत गाजलेल्या प्रकरणात घेतला गेला.

ते प्रकरण कराडच्या शासकीय औषधनिर्माणशास्त्र महाविद्यालयातले. तिथल्या एका भांडारपालाच्या गोपनीय अहवालात वरिष्ठांनी प्रतिकूल शेरा मारला. त्यावरून २००६ मध्ये गुन्हा नोंदला गेला. वरिष्ठांवर खटला भरण्यास परवानगी नाकारणारे तंत्रशिक्षण खात्याचे प्रभारी संचालक सुभाष महाजन यांच्यावरही २०१६ मध्ये गुन्हा दाखल झाला. २० मार्च २०१८ रोजी न्या. आदर्शकुमार गोयल व न्या. उदय लळित यांनी तो रद्द केला. खटला तेवढ्यावर थांबला असता तर वाद झाला नसता. पण खंडपीठाने देशभरासाठी निर्देश दिले : गुन्हा नोंदण्याआधी प्राथमिक चौकशी करता येईल, अटकेपूर्वी वरिष्ठांची मंजुरी लागेल, प्रथमदर्शनी गुन्हा नसल्यास अटकपूर्व जामीन देता येईल. २ एप्रिलच्या भारत बंदमध्ये संताप रस्त्यावर आला, काही राज्यांत जीव गेले. ऑगस्टमध्ये संसदेने कलम १८-अ घालून चौकशी व मंजुरीच्या अटी काढून टाकल्या आणि कोणत्याही न्यायालयाचा निकाल काहीही असो, अटकपूर्व जामीन नाही, असे स्पष्ट केले. १ ऑक्टोबर २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्वतःच चौकशीचे व मंजुरीचे निर्देश मागे घेतले.

१० फेब्रुवारी २०२० च्या पृथ्वीराज चौहान निकालाने कलम १८-अ वैध ठरवले. प्रथमदर्शनी गुन्हा दिसत नसेल तेवढ्यापुरताच अपवाद ठेवला. हा अपवाद किती अरुंद आहे ते परंडा (जि. धाराशिव) येथील प्रकरणातून कळते. विधानसभा निवडणुकीतील मतदानाच्या रागातून घराबाहेर मारहाण व जातिवाचक शिवीगाळ झाल्याची ती फिर्याद. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने दिलेला अटकपूर्व जामीन तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या पीठाने १ सप्टेंबर २०२५ रोजी रद्द केला. जामिनाच्या टप्प्यावर पुरावा तोलत बसणे म्हणजे छोटा खटलाच चालवणे, आणि तसे करता येत नाही, हा त्यातला मुद्दा. घराबाहेरची जागा लोकांच्या नजरेस पडणारी होती, हेही न्यायालयाने पाहिले. कारण २०२० च्या एका निकालानुसार चार भिंतींच्या आत, कोणी बाहेरचे नसताना केलेला अपमान अधिनियमाच्या जाहीर अपमानाविषयीच्या कलम ३(१)(आर) मध्ये बसत नाही.

सुरतेत लिंबायत, डिंडोली या भागांत खानदेशातून आलेली मराठी कुटुंबे मोठ्या संख्येने राहतात. त्यांतल्या अनुसूचित जातींच्या कुटुंबांपुढे आणखी एक प्रश्न येतो. अनुसूचित जातींची यादी राज्यागणिक वेगळी असते आणि राखीव जागांसारखे लाभ परराज्यात आपोआप मिळत नाहीत. महार, मातंग या जाती गुजरातच्या यादीतही आहेत. तरी दाखला जळगावचा, गुन्हा सुरतेचा, अशा वेळी ‘फिर्यादी इथला अनुसूचित जातीचा नाही’ असा बचाव आरोपीचे वकील घेऊ शकतात. आरक्षणाचा लाभ आणि अत्याचारापासून संरक्षण यांची अशी गल्लत करणे अन्यायाचे आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०२३ मध्ये हे मान्य केले : मूळ राज्यात अनुसूचित असलेल्या व्यक्तीला देशात कुठेही या अधिनियमाचे संरक्षण आहे. गुजरातच्या न्यायालयांवर हा निकाल बंधनकारक नसला तरी तिथे तो आधार म्हणून मांडता येतो. फिर्यादीने तो मांडायचा कधी, याचे उत्तर कलम १५-अ मध्ये आहे : आरोपीच्या जामीन अर्जाची सूचना पीडिताला मिळाली पाहिजे आणि त्याचे म्हणणे ऐकले गेले पाहिजे. ही तरतूद अनिवार्य असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये ठरवले आहे.