रेणू सलुजा यांचे संकलनकार्य

चित्रपटाच्या इतिहासलेखनात दिग्दर्शकास जे स्थान लाभते, ते संकलकास क्वचितच लाभते. रेणू सलुजा (१९५२–२०००) यांची कारकीर्द या दृष्टीने विचारार्ह आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचे शिक्षण घेतलेल्या सलुजा यांनी १९८३ मधील ‘जाने भी दो यारो’ व ‘अर्धसत्य’ या दोन्ही चित्रपटांचे संकलन केले. पहिले प्रहसन, त्यात हशा नेमक्या क्षणी यावा लागतो. दुसरा श्री. दा. पानवलकरांच्या कथेवर आधारलेला. त्यात पोलीस अधिकाऱ्याचा कोंडमारा हळूहळू साचत जातो. पुढे ‘परिंदा’ (१९८९), ‘धारावी’, ‘सरदार’ व ‘गॉडमदर’ यांकरिता त्यांना राष्ट्रीय पुरस्कार लाभले. प्रत्येक कथेची लय निराळी राखणाऱ्या संकलकाचे कर्तृत्व एखाद्या ठरावीक शैलीत शोधू गेल्यास हाती लागत नाही. ते दृश्यांच्या जोडणीतूनच, चित्रपटागणिक तपासावे लागते.