गोदेकाठची प्रेमकविता

  मागचे काही आठवडे आपण व्याज, हप्ता आणि कांदाचाळीचं अनुदान यावर बोललो. आज विषय वेगळा आहे: प्रेमाची कविता.

आता काहीजणी पदर तोंडाला लावून हसल्या असतील, मला ठाऊक आहे. आमच्या एका गटात मी हा विषय काढला तेव्हा एक मावशी म्हणाल्या, "असलं काही आमच्या घरात चालत नाही बाई, ते शिकलेल्यांचं." ही कविता शहरातल्या, शिकलेल्या, रिकामा वेळ असलेल्या माणसांची असते, असं आपण धरून चाललोय. इतिहास मात्र उलटंच सांगतो. आपल्या या मुलखातली सगळ्यात जुनी कविता जी हाती लागते, ती प्रेमाचीच आहे. आणि ती राजवाड्यातली कमी, शेताच्या बांधावरची जास्त आहे.

नाशिकहून मुंबईच्या वाटेला लागलं की त्रिरश्मी डोंगरावर पांडवलेणी दिसतात. पांडवांचा तिथे काही संबंध नाही. सातवाहन राजांच्या काळात, सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी, बौद्ध भिक्खूंसाठी ती कोरायला सुरुवात झाली. तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात गौतमी बलश्री या राजमातेचा लेख आहे. आपला मुलगा गौतमीपुत्र सातकर्णी कसा होता, हे तिथे एका आईने दगडात कोरून ठेवलंय. लेखाची भाषा प्राकृत, म्हणजे पंडितांची संस्कृत नव्हे.

याच सातवाहन घराण्यातला हाल नावाचा राजा. त्याच्या नावावर एक संग्रह आहे, 'गाथासप्तशती'. सप्तशती म्हणजे सातशे. दोन-दोन ओळींच्या सातशे कविता, महाराष्ट्री प्राकृतात, म्हणजे आपल्या मराठीच्या पणजीच्या भाषेत. लोकांत फिरणाऱ्या कोटभर गाथांमधून या निवडल्या, असं संग्रहातच सांगितलंय. कोट हा आकडा कौतुकाचा धरा, पण लोकांच्या तोंडी अशा कविता पुष्कळ होत्या एवढं नक्की. पुढच्या काळातही त्यात भर पडत गेली. ऑक्टोबर २०२४ मध्ये मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, तेव्हा मराठी किती जुनी हे दाखवायला ज्या ग्रंथांचा आधार घेतला गेला, त्यात हा प्रेमकवितांचा ग्रंथ पुढे होता. जर्मनीतल्या वेबर नावाच्या पंडिताने १८८१ मध्ये तो संपूर्ण छापला. मराठीत सदाशिव आत्माराम जोगळेकरांनी १९५६ मध्ये अर्थासह आणला.

या गाथांमध्ये आहे कोण? नांगर धरणारा हालिक, त्याची बायको, पाटलाची लेक, कापसाचं रान, पावसाळ्यात घराबाहेर अडकलेला वाटसरू. कवींच्या नावांत रेवा, माधवी, अनुलक्ष्मी अशी बायकांचीही नावं परंपरेने सांगितली जातात.

दोन-तीन गाथा माझ्या शब्दांत सांगते. एका पाणपोईवर एक मुलगी वाटसरूंना पाणी पाजतेय. एकजण ओंजळ धरून प्यायला बसलाय, पण डोळे वर तिच्याकडे. बोटं मुद्दाम सैल सोडतो, पाणी गळून जातं, म्हणजे पिणं संपायलाच नको. आणि ती? तीही धार बारीक करते. झाली गाथा. दोघांनी एक शब्द बोललेला नाही.

दुसरी एक नवऱ्याच्या वाटेकडे डोळे लावलेली. तो आजच गावाला गेलाय. किती दिवस झाले ते मोजायला ती भिंतीवर रेघा ओढायला लागते, आणि पहिला अर्धा दिवस सरायच्या आत भिंत भरून जाते. ऊसतोडीला, द्राक्षाच्या कामाला ज्यांची माणसं चार-चार महिने बाहेर असतात त्यांना ही भिंत वेगळी समजावून सांगायला नको.

तिसरी माझी सगळ्यात आवडती. घर गरिबाचं. बाई गरोदर. सगळ्या विचारतात, बाई, डोहाळे कशाचे लागलेत? ती म्हणते, पाण्याचे. बस, एवढंच. तिला खायची इच्छा नाही का? आहे. पण तोंडातून काही निघालं तर नवऱ्याला ते आणता येणार नाही आणि चारचौघींत त्याची मान खाली जाईल. म्हणून जे फुकट मिळतं तेच ती मागते. गटात ही गाथा सांगितल्यावर बराच वेळ कुणी बोललं नाही. मग एकजण म्हणाली, "माझी आई अशीच होती." दुसरी जरा रागानेच म्हणाली, "आणि त्याला कळलं का, तिनं काय केलं ते?" गाथेत त्याचं उत्तर नाही. मला विचाराल तर दुसरीचा प्रश्न पहिलीच्या बोलण्याइतकाच खरा आहे. कविता आवडणं म्हणजे तिच्यातलं सगळं मान्य करणं नव्हे. सवतींची भांडणं, बायकोला फसवणारा नवरा, हेही या संग्रहात हसत-हसत सांगितलंय आणि तिथे मला हसू येत नाही.

आता एक गंमत ऐका, थेट आपल्या गोदावरीची. गाथांमध्ये तिचं नाव गोला असं येतं. गोलेच्या काठी दाट झाडी आहे, तिथे एक बाई आपल्या माणसाला चोरून भेटते. एक देवभोळा बुवा रोज फुलं तोडायला नेमका तिथेच यायला लागतो. तिची पंचाईत! तो बुवा कुत्र्याला फार भितो हे तिला ठाऊक आहे. ती त्याला म्हणते, महाराज, आता खुशाल फिरा. ते कुत्रं आज मेलं, काठावरच्या झाडीत राहणाऱ्या सिंहाने मारलं.

शब्द पाहा, फिरा म्हणतात. अर्थ पाहा, फिरकू नका म्हणतो. कुत्र्याला भिणारा माणूस सिंहाच्या झाडीत जाईल का? नवव्या शतकात काश्मीरमध्ये आनंदवर्धन नावाचा पंडित होऊन गेला. कवितेचा खरा अर्थ शब्दांच्या आड असतो, घंटा वाजून गेल्यावरही नाद राहावा तसा, हे त्याला सांगायचं होतं. त्याला तो ध्वनी म्हणतो. दाखल्यासाठी त्याने 'ध्वन्यालोक' ग्रंथात ही गोदाकाठची चतुर बाई उभी केली. पुढे अभिनवगुप्त, मम्मट, महिमभट्ट अशा मोठमोठ्या पंडितांनी तिच्या त्या एका वाक्यावर पानंच्या पानं लिहिली. हा ध्वनी आहे की नुसतं अनुमान, यावर वाद घातले. आणि बोलली काय, तर आपण सासूसमोर माहेरच्या फोनवर बोलतो तसलंच तिरकं! प्रेमाची कविता ऐकायची कशी, याची किल्ली तिथेच आहे. कोण बोलतंय, कुणाशी बोलतंय आणि काय सांगायचं टाळतंय.

मधली शतकं मी भराभर ओलांडते. संतांनी प्रेम देवाला दिलं. शाहिरांनी लावणीत शृंगार मोकळा गायला, बाईच्या तोंडचा, पण लिहिणारे बहुतेक पुरुष. राम जोशी, होनाजी बाळा यांचं नाव झालं. त्या लावण्या ज्यांनी नाचून-गाऊन घराघरांत पोचवल्या, त्या बायकांना मात्र लोकांनी उंबऱ्याच्या आत घेतलं नाही.

मग इंग्रजी शाळा आल्या आणि तिकडची नवी कविता आली. इंग्लंडमध्ये १७९८ साली वर्ड्‌स्वर्थ आणि कोलरिज या दोन मित्रांनी एक पुस्तक काढलं. राजे आणि देव सोडून साध्या माणसांवर, साध्या बोलीत कविता करायची, स्वतःच्या मनातलं लिहायचं, झाडाफुलांशी बोलायचं, असा त्यांचा बेत. या धाटणीला रोमँटिक कविता म्हणतात. रोमँटिक म्हटलं की आपल्याला सिनेमातलं गाणं आठवतं, पण इथे अर्थ 'मनाला मोकळं सोडणारी' असा जवळपास आहे. वर्ड्‌स्वर्थची पिवळ्या फुलांवरची कविता जगभर शिकवतात. ती फुलं पाहायला त्याची बहीण डोरोथी सोबत होती आणि १८०२ साली तिने आपल्या रोजनिशीत ती वर्णन करून ठेवली होती. कविता छापून आली १८०७ मध्ये, भावाच्या नावाने. रोजनिशी पेटीत राहिली.

आपल्याकडे केशवसुतांनी ही हवा आणली. कोकणातल्या मालगुंडचे कृष्णाजी केशव दामले. जन्म १८६६, गेले १९०५ मध्ये, ऐन उमेदीत. इंग्रजीतली चौदा ओळींची कविता त्यांनी मराठीत रुजवली, तिला सुनीत म्हणतात. मग गोविंदाग्रज, बालकवी, आणि १९२३ मध्ये पुण्यात जमलेलं रविकिरण मंडळ. त्यातल्या माधव जूलियनांनी फारसीतली गझल मराठीत आणली. प्रेम हा विषय आता उघड झाला, सभेत कविता गाऊन दाखवायची पद्धत पडली.

पण इथे जरा थांबा. केशवसुत लिहीत होते त्याच काळात, १८९१ मध्ये, सरकारने संमतिवयाचा कायदा केला. मुलीचं संमतिवय दहाचं बारा केलं. दहाचं बारा! तेवढ्यावरूनही केवढी ओरड झाली. म्हणजे कवितेत प्रेयसी आणि घरात परकरातली बायको. ज्या मुलीला आवड-निवड विचारायची पद्धतच नव्हती, तिच्यासाठी प्रेमाची कविता लिहायची कशी? कवींनी मग कल्पनेतली प्रेयसी उभी केली. कितीतरी कवितांमधली ती बाई बोलत का नाही, याचं कारण मला तरी यात दिसतं.

बोलणारी बाई सापडते ती आपल्या नाशिकजवळच्या जलालपूरची. लक्ष्मीबाई टिळक, जन्म १८६८. अकराव्या वर्षी नारायण वामन टिळकांशी लग्न झालं. ते मोठे कवी, फुलामुलांवर कविता करणारे, आणि घरी महातापट, लहरी. १८९५ मध्ये त्यांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला. लक्ष्मीबाई दूर राहिल्या, सुमारे पाच वर्षं. मग त्या आपल्या विचाराने परत गेल्या आणि पुढे १९०० मध्ये स्वतःच्या निर्णयाने ख्रिस्ती झाल्या. शाळेचं शिक्षण जवळपास नाही, तरी कविता करत. 'भरली घागर' हा त्यांचा संग्रह. बालकवी ठोंबरे तरुणपणी नगरला टिळकांच्या घरी राहिले, तेव्हा त्यांच्यावर माया केली ती लक्ष्मीबाईंनीच.

टिळक १९१९ मध्ये गेले. नंतर लक्ष्मीबाईंनी 'स्मृतिचित्रे' लिहिली, १९३४ ते ३६ या काळात ती आली. पुस्तक गद्य आहे, पण माझ्या मते मराठीतली ती मोठी प्रेमकथा आहे. त्यांनी नवऱ्याचा देव केला नाही की राक्षस केला नाही. त्याचा राग, त्याचा भोळेपणा, त्याने केलेला छळ आणि लावलेला जीव, सगळं हसवत सांगितलंय. टिळकांनी प्रेमावर लिहिलं, लक्ष्मीबाईंनी माणसावर लिहिलं. १९३६ मध्ये त्या नाशिकलाच वारल्या.

कुसुमाग्रजही आपलेच. पिंपळगाव बसवंतला वाढलेले, ज्या बाजार समितीत आपला कांदा आणि टोमॅटो जातो त्या गावचे. नाशिकला शिकले, काळाराम मंदिराच्या सत्याग्रहात तरुणपणी उतरले. 'विशाखा' हा त्यांचा संग्रह १९४२ चा, वि. स. खांडेकरांनी पुढाकार घेऊन काढलेला. त्यात 'पृथ्वीचे प्रेमगीत' आहे. बोलणारी पृथ्वी आहे आणि ती बोलतेय सूर्याशी, ज्याच्याभोवती ती युगानुयुगं फिरते. बाकीचे ग्रह-तारे तिच्यापुढे झुकतात, ती कुणाला बधत नाही. सूर्यापुढे आपण किती लहान हेही ती जाणते. तरी तिच्या बोलण्यात लाचारी नाही. लिहिणारा पुरुष असला तरी बाईचा ताठ आवाज त्याला सापडला. ही कविता कुणाकडून तरी मोठ्याने म्हणवून घ्या, डोळ्यांनी वाचून तिचा जोर कळत नाही.

हे सगळं मी आज का काढलं ते सांगते. दोन वर्षांपूर्वी आमच्या एका गटातल्या बाईच्या मुलीच्या दप्तरात कवितांची वही सापडली. मुलगी अकरावीला. घरात रामायण झालं. कॉलेज बंद, पाहुण्यांना निरोप, इथपर्यंत गोष्ट गेली. आम्ही दोघी-तिघी संध्याकाळी त्यांच्या ओट्यावर बसलो आणि आईला म्हटलं, आधी वही वाचू. वाचनालयातल्या पुस्तकांतून उतरवलेल्या कविता होत्या, निम्म्या पावसावरच्या. कुणाला लिहिलेलं एक अक्षर नव्हतं. आणि असतं तरी त्याला उत्तर कॉलेज बंद करणं हे नव्हतं, हेही आम्ही बोललो. आईने एक कविता परत वाचायला लावली. मग म्हणाली, "आमच्या वेळी जात्यावर असलंच म्हणायचे की." मुलगी अजून एसटीने कॉलेजला जाते.

आई म्हणाली ते खरं होतं का? थोडंसं. जात्यावरच्या ओवीत भावाचं, आईचं, माहेराचं प्रेम भरभरून येतं. नवऱ्याचं येतं ते आडून. त्याचं नावच घ्यायचं नाही, तर प्रेम कसलं सांगणार! ते सगळं उखाण्यात दडलं. म्हणून हळदीकुंकवाला पुस्तकातला पाठ केलेला उखाणा ऐकला की मला चुटपुट लागते. ती एकच जागा, जिथे चारचौघींत त्याच्याबद्दल आपलं काही बोलता येतं, आणि तिथेही दुसऱ्याचं यमक.

शेवटी इंदिरा संत. बेळगावात शिक्षिका, जन्म १९१४. त्या आणि त्यांचे पती ना. मा. संत, दोघांच्या कवितांचं मिळून एक पुस्तक निघालं, 'सहवास', १९४० मध्ये. सहा वर्षांनी पती गेले. पदरात लहान मुलं, नोकरी, घर. १९५१ मध्ये 'शेला' आला, मग 'मेंदी', 'मृगजळ'. गेलेल्या माणसावरचं प्रेम त्यांनी रांगोळी, पाऊस, संध्याकाळ अशा घरगुती गोष्टींतून लिहिलं, आवाज न चढवता. विधवेने प्रेमाबद्दल बोलू नये असं मानणाऱ्या समाजात तेच काम त्या जवळजवळ पन्नास वर्षं करत राहिल्या. १९८४ मध्ये त्यांच्या 'गर्भरेशीम'ला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. आपल्या गटांमध्ये एकट्या राहणाऱ्या कितीतरी जणी आहेत. त्यांच्यासाठी हे पुस्तक मी तालुक्याच्या वाचनालयातून आणून ठेवलंय.

पुढच्या बैठकीत हप्ते जमा झाले, वहीवर सह्या झाल्या की अर्धा तास राखून ठेवू. प्रत्येकीने एक उखाणा आणायचा. पुस्तकातला चालणार नाही. ज्यांचं माणूस आता नाही, त्यांनीही आणायचा.