थकलेला पगार आणि एक निकाल

परवा माझी चुलत नात घरी आली होती. एका खाजगी शाळेत शिकवते. चहा घेताना म्हणाली, "आजोबा, चार महिने पगार नाही. विचारलं तर म्हणतात, जमत नसेल तर सोडा."

मी म्हटलं, "सोडू नकोस. आणि कोऱ्या कागदावर सही तर मुळीच करू नकोस!" ती हसली. मला मात्र जुने दिवस आठवले.

१९७६ ची गोष्ट. आमच्या शाळेतल्या एका सरांना संस्थाचालकांनी साध्या चिठ्ठीवर घरी बसवले. दोन महिन्यांचा पगारही अडकला. तेव्हा माध्यमिक शाळा संहिता होती, पण ती म्हणजे शासनाच्या सूचना. कायद्याचे बळ तिला नव्हते. वकील म्हणाले, दिवाणी कोर्ट फार तर नुकसानभरपाई देईल, नोकरी परत देणार नाही. सर किराणा दुकानात हिशेब लिहू लागले. आम्ही स्टाफरूममध्ये हळहळलो आणि गप्प बसलो. मीसुद्धा.

पुढे खाजगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा १९७७ चा कायदा झाला. जुलै १९८१ मध्ये तो अंमलात आला आणि शाळा न्यायाधिकरणे आली. नोकरीवरून काढल्यास ३० दिवसांत तिथे अपील करता येते. काढणे बेकायदा ठरले तर 'परत घ्या, थकलेला पगार द्या' असा आदेश मिळू शकतो. सरांना याचा काही उपयोग झाला नाही.

पण आदेश मिळणे वेगळे आणि पैसे हातात पडणे वेगळे! औरंगाबादच्या (आताचे छत्रपती संभाजीनगर) एका प्राथमिक शिक्षिकेचा खटला मी मुद्दाम वाचला. नोव्हेंबर २००६ मध्ये त्या निलंबित झाल्या, जून २००७ मध्ये त्यांना काढले. २००९ मध्ये न्यायाधिकरणाने त्यांना परत घेऊन पूर्ण पगार देण्यास सांगितले. संस्था उच्च न्यायालयात गेली. २०११ मध्ये तिथे नोकरी टिकली, पण मागचा पगार गेला. कारण काय, तर मधल्या काळात आपण दुसरीकडे कमावत नव्हतो हे बाईंनी दाखवले नाही!

आता 'मी कमावत नव्हते' याचा पुरावा माणूस आणणार कुठून?

१२ ऑगस्ट २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हाच प्रश्न निकाली काढला. नसलेली गोष्ट सिद्ध करण्यापेक्षा असलेली सिद्ध करणे सोपे. म्हणून कर्मचाऱ्याने तसे सांगितले की पुरे. तो दुसरीकडे चांगले कमावत होता हे मालकाने सिद्ध करावे. खटला लांबला याचा दंड कर्मचाऱ्याला नको, हेही सांगितले. पगार थांबला की घरातल्या मुलांचे खाणे आणि शिक्षण कसे अडते, नातेवाइकांपुढे हात कसा पसरावा लागतो, हे त्या निकालपत्रात लिहिले आहे. ते वाचताना सर डोळ्यांपुढे उभे राहिले. बाईंचा पूर्ण पगार चार महिन्यांत द्या, नाहीतर ९ टक्के व्याज, असा आदेश झाला. निलंबनापासून मोजले तर जवळजवळ सात वर्षे गेली होती.

नातीची अडचण जरा निराळी आहे. तिला काढलेले नाही, नुसता पगार थकला आहे. आणि नुसत्या थकलेल्या पगारासाठी त्या न्यायाधिकरणाकडे अपील नाही. म्हणून तिला सांगितले, आधी शिक्षणाधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज दे, प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घे. हजेरीच्या नोंदी जपून ठेव. ऐकले नाही तर वकिलाला विचारून उच्च न्यायालय.

मग विचारले, "आणखी कुणाचा थकलाय?"

"सगळ्यांचाच. पण कुणी बोलत नाही, आजोबा."

"मग अर्जावर सगळ्यांच्या सह्या घे," म्हटलं. "एकटीला पुढे करू नका."

सर एकटेच गेले होते. असो.