अडीच फुटांची वाट

कुर्डुवाडी स्टेशनवर मुंबईची गाडी उतरून, डोक्यावर वळकटी घेऊन, ‘छोट्या गाडी’त जागा धरायला धावलेली माणसं आता चाळिशीच्या पुढची असतील. त्याहून लहान असलेल्यांना मी ही गाडी काय होती ते सांगतो तेव्हा ते विचारतात, म्हणजे माथेरानच्या गाडीसारखी का? दिसायला तशीच म्हणा. पण माथेरानला माणसं हवा खायला जात. आमच्या गाडीतून माणसं पोटासाठी जात, नाहीतर विठोबासाठी.

बार्शी लाइट रेल्वे. आमच्या भागात नुसतं ‘बार्शी लाइट’. रुळांतलं अंतर अडीच फूट, मिलिमीटरमध्ये सांगायचं तर ७६२. हाताने मोजलं तर पावणेदोन हातांहून थोडं कमीच. पाचवी-सहावीतला मुलगा दोन रुळांच्या मधे बसून दोन्हीकडे हात टेकू शकत असे. मी टेकले आहेत आणि त्याबद्दल मारही खाल्ला आहे.

या गाडीचा जन्म एका माणसाच्या हिशेबातून झाला. एव्हरार्ड कॅलथ्रॉप हे त्याचं नाव. १८५७चा जन्म. १८८२ साली तो जी. आय. पी. रेल्वेत इंजिनांचा इन्स्पेक्टर म्हणून हिंदुस्थानात आला. मुंबईहून मद्रासकडे जाणारी मोठी लाईन बार्शीला बगल देऊन गेली होती. बार्शी ही कापसाची, धान्याची मोठी पेठ, आणि तिच्यापासून वीस-एकवीस मैलांवर जे स्टेशन होतं त्याला म्हणायचं ‘बार्शी रोड’. तेच पुढे कुर्डुवाडी. म्हणजे गावाचं नाव स्टेशनला, आणि गाव बैलगाडीने दिवसभराच्या अंतरावर! पावसाळ्यात काळ्या मातीत गाड्या रुतल्या की तो दिवसही पुरत नसे.

मोठी लाईन बार्शीपर्यंत न्यायची तर खर्च परवडणारा नव्हता. मग लहान रूळ टाकायचे. ही कल्पना काही नवी नव्हती; गुजरातेत डभोईला गायकवाडांनी १८६०च्या दशकातच अडीच फुटी रूळ टाकून त्यावर आधी बैल जुंपले होते. पण लहान गेज म्हणजे लहान डबा, थोडा माल, गरिबाची सोय, अशी तोवरची समजूत. कॅलथ्रॉपने ती मोडली. त्याने विचार केला तो रुळांतल्या अंतराचा नाही, चाकांवर पडणाऱ्या भाराचा. एका आसावर पाच टनांहून जास्त भार नको, मग ते इंजिन असो की मालाचा डबा. हे एकदा ठरलं की रूळ हलके चालतात. यार्डाला तीस पौंडांचे रूळ त्याने वापरले. मोठ्या लाईनचे याच्या दुपटीहून जड असत. पण डबा मात्र त्याने लांब केला, पंचवीस फुटांचा, आणि खाली चार आस दिले. चार आस, प्रत्येकी पाच टन, म्हणजे मालासकट वीस टनांचा डबा अडीच फुटांवरून डुलत जाऊ लागला. इंजिनाचा भारही तसाच अनेक चाकांवर वाटलेला.

१८९५ साली लंडनमध्ये कंपनी उभी राहिली. इंजिनं लीड्सच्या किटसन कारखान्यात तयार झाली. गाडी इकडे येण्याआधी लीड्सजवळ रूळ टाकून तिची चाचणी घेतली गेली. बार्शीची गाडी बार्शीच्या आधी विलायतेत धावली, हे माझ्या गावातल्या म्हाताऱ्यांना मी सांगितलं तेव्हा एकानेही विश्वास ठेवला नाही. पुढे १९०४ साली इंग्लंडातल्या स्टॅफर्डशायरमध्ये कॅलथ्रॉपने बार्शीच्याच धर्तीवर एक छोटी रेल्वे बांधली. ती १९३४ साली बंदही पडली. आमची तिच्या दुपटीहून जास्त जगली.

हा माणूस मोठा छांदिष्ट होता. अरबी घोडे पाळायचा, घोड्यांवर पुस्तक लिहिलं. रोल्स-रॉइसमधला रोल्स त्याचा मित्र. तो १९१० साली विमान कोसळून गेला, तेव्हा कॅलथ्रॉपने वैमानिकांसाठी हवाई छत्री तयार करण्याचा ध्यास घेतला आणि ती करूनही दाखवली. १९२७ साली तो वारला. त्याच वर्षी त्याची गाडी मिरजेला पोचली.

कुर्डुवाडी-बार्शी गाडी १८९७ साली सुरू झाली. ते साल दुष्काळाचं. १८९६-९७च्या दुष्काळात सोलापूर जिल्हा होरपळून निघाला होता. हे साल लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. १९०६ साली एक फाटा पंढरपूरला गेला. दुसऱ्या अंगाने रूळ बालाघाट चढून येडशी, तडवळे, ढोकी करत १९११ साली लातूरला टेकले. आणि १९२७ साली पंढरपूरहून सांगोला, कवठेमहांकाळवरून मिरज. एकूण दोनशे दोन मैल, म्हणजे सव्वातीनशे किलोमीटर.

या सव्वातीनशे किलोमीटरांत दोन राज्यं होती, हे आज कोणाच्या ध्यानातही येत नाही. बार्शी इंग्रजांची. तिथून थोडं पुढे गेलं की निजामाची हद्द. अलीकडे कलदार रुपया, पलीकडे हाली. पलीकडे जाताना करोडगिरीवाले गाठोडी सोडायला लावत. १९४१ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी निजामाच्या हद्दीत महार-मांग वतनदार परिषद घेतली, ते कसबे तडवळे याच रुळांवरचं गाव. पोलीस ॲक्शननंतर हद्द पुसली गेली, १९५४ साली सरकारने कंपनी विकत घेतली आणि गाडी मध्य रेल्वेत आली.

आता माझ्या घरची गोष्ट. माझे दादा, म्हणजे वडिलांचे वडील, कुर्डुवाडीत हमाल होते. लहान गेजचं सगळ्यात मोठं दुखणं हे, की तिचा डबा मोठ्या रुळांवर जात नाही. लातूरची डाळ, बार्शीची ज्वारी मुंबईला जायची तर कुर्डुवाडीला छोट्या डब्यातून उतरवायची आणि मोठ्या डब्यात चढवायची. एक एक पोतं. अडीच मणाचं. इंजिनिअर लोक याला तोटा म्हणतात, त्यांच्या पुस्तकांत त्याचा हिशेब असतो. त्या तोट्यावर आमचं घर चाललं. दादा आमच्या दखनीत म्हणायचे, “बडी गाडी का पेट बडा, छोटी का छोटा, दोनों के बीच में अपना पेट.” साठीच्या आत त्यांची पाठ गेली. ते भिंतीला धरून चालत, आणि तरी गाडीची शिट्टी आली की अंगणात येऊन उभे राहत.

आषाढीला तर कुर्डुवाडीत जत्राच. मुंबईहून रात्री निघालेले गिरणी कामगार पहाटे उतरायचे आणि छोट्या गाडीवर तुटून पडायचे. मालाचे डबेही माणसांनी भरत, टपावर माणसं, टाळ चालू. त्या दिवसांत दादा वारकऱ्यांची गाठोडी चढवायचे पैसे घेत नसत. घेतले नाहीत म्हणून कोणी त्यांना थोर म्हटल्याचं ऐकिवात नाही. तशी रीत होती, एवढंच. पंढरपूरहून पुढे तीच गाडी मिरजेला, मीरासाहेबांच्या दर्ग्याला. उरुसाला आम्ही तीनेच जायचो. एकदा आमच्या डब्यात दोरीने एकमेकांना बांधलेले भले मोठे कडू भोपळे होते. मला वाटलं, माणूस वेडा आहे, एवढे भोपळे खाणार कोण? मिरजेला कळलं की भीमाकाठी, पंढरपूरच्या आसपास पिकलेल्या या भोपळ्यांचे मिरजेत तंबोरे होतात. त्यानंतर खाँसाहेब अब्दुल करीम खाँ यांची तबकडी ऐकताना मला हटकून तो डबा आठवतो.

लोकांना या गाडीचा एवढा लळा का? वेग ताशी पंचवीस-तीस किलोमीटर. चढावर त्याहून कमी. खिडकी शेताच्या बांधाएवढ्या उंचीवर. बांधावरची बाई गाडीतल्या बाईला लेक नांदते का विचारणार आणि उत्तर ऐकून खुरपायला लागणार. मोठ्या गाडीतून देश दिसतो, पण ओळखीचं माणूस दिसत नाही. दार्जिलिंगच्या गाडीला १९९९ साली जागतिक वारशाचा मान मिळाला, माथेरानची आदमजी पीरभॉय यांच्या घराण्याने १९०७ साली धावती केलेली गाडी पर्यटकांनी जपली. विदर्भातली कापसाची शकुंतला आणि आमची बार्शी लाइट यांच्या वाट्याला तसं कोणी आलं नाही. त्या डोंगरावर नव्हत्या ना! सपाट रानातल्या गरीब गाडीचा फोटो चांगला येत नाही.

देशभर एकच गेज करायचं धोरण १९९२ साली आलं. २००१नंतरच्या दशकभरात बार्शी लाइटचे रूळ टप्प्याटप्प्याने उखडले गेले. २००८ साली लातूर-कुर्डुवाडी रुंद झाली, मग मिरजेची बाजू. तेव्हा मी शोकाची एक लांब कविता लिहिली. कविसंमेलनांत तिला टाळ्या मिळत. रुंद रुळांना तिच्यात मी बरंच काही सुनावलं होतं.

माझी बहीण लातूरला दिलेली. २०१६च्या मार्चमध्ये तिचा फोन आला, की पाण्याच्या टाक्यांपाशी जमावबंदी लावली आहे, घागर घेऊन चार बायका एकत्र उभ्या राहिल्या तरी पोलीस येतात. मांजरा धरण कोरडं. नळाला पाणी आल्याला किती दिवस झाले, हे मोजणंही तिने सोडलं होतं. एप्रिलमध्ये मिरजेहून पाण्याची रेल्वे निघाली. बारा तारखेला पहाटे पहिली गाडी पोचली, दहा टाक्या, पाच लाख लीटर. मग पन्नास टाक्यांच्या गाड्या सुरू झाल्या, एका खेपेला पंचवीस लाख लीटर. वाट कोणती? मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, लातूर. कॅलथ्रॉपची वाट. येडशीचा जुना घाट सोडून धाराशिवला घातलेला वळसा तेवढा नवा. जिल्ह्याचं ठिकाण असून धाराशिवला रेल्वे नव्हती, ती या रुंदीकरणानेच मिळाली, हेही माझ्या कवितेत नव्हतं.

मी हिशेब केला. एका टाकीत पन्नास हजार लीटर, म्हणजे पन्नास टन नुसतं पाणी. आमच्या जुन्या गाडीचा अख्खा डबा मालासकट वीस टनांचा. मिरजेहून लातूरला निघालेली ती गाडी अडीच फुटांवर उभीच राहिली नसती. १८९७च्या दुष्काळात हलके रूळ टाकणारा माणूस मूर्ख नव्हता. त्याच्यापुढे जेवढा पैसा आणि जेवढा माल होता, त्याला ते रूळ पुरेसे होते. पण आम्ही प्रेमापोटी तेच कायमचे मागत होतो आणि मागणारे आम्ही बहुतेक पुण्या-मुंबईत राहत होतो. बहिणीने तिच्या नळाला कधी कविता लावली नव्हती. ती कविता मी फाडलेली नाही. पण त्यानंतर वाचलेलीही नाही.

त्या एप्रिलमध्ये एका संध्याकाळी मी मुद्दाम कुर्डुवाडीला जाऊन थांबलो. पन्नास टाक्या माझ्यासमोरून गेल्या. डब्यातून डब्यात काही उतरवावं लागलं नाही, कोणाची पाठ वाकली नाही. झाकणांतून थोडं पाणी सांडत होतं आणि फलाटावरची दोन पोरं त्याखाली हात धरत पळत होती.

पोती ओढायचा दादांचा लोखंडी आकडा अजून आमच्या घरी, स्वैपाकघराच्या भिंतीला आहे. अम्मी त्याला बाजाराची पिशवी अडकवते.